डिपचा एकच वाडगा, सगळ्यांसाठी



बाजारात वरण्याच्या शेंगा आल्या आहेत. पुण्याकडच्या बहिणी पावटा म्हणतील, कोकणातल्या वाल म्हणतील, गुजरातेत माहेर असलेल्या पापडी म्हणतील. दाण्याच्या आकारात, रंगात थोडाफार फरक, पण घराणं एकच. मार्गशीर्ष-पौष हे त्यांचे दिवस. भोगीच्या भाजीत त्या हव्यातच. आणि हेच दिवस पाहुण्यांचेही असतात. नाताळच्या सुट्टीत परदेशातली मुलं येतात, वाढदिवस, गृहप्रवेश, महिला मंडळाचं स्नेहसंमेलन, सगळं याच दोन महिन्यांत. आणि हल्ली घरच्या कुठल्याही छोट्या-मोठ्या पार्टीत टेबलावर एक तरी डिप असतंच.

म्हणून आज या डिपविषयी लिहिते. ताज्या वरण्याच्या दाण्यांचं आणि भाज्यांचं डिप कसं करायचं ते पुढे सांगणारच आहे. पण नुसती कृती सांगायची असती तर दहा ओळींत काम झालं असतं. मला त्यामागचं माझं मत मांडायचं आहे. ते असं: घरी पार्टी असेल तर डिप एकच करावं, त्याच दिवशी ताजं करावं, आणि ज्या पाहुण्याचे नियम सगळ्यांत कडक आहेत त्याला डोळे मिटून खाता येईल असं करावं. तेच सगळ्यांना वाढावं. बाजूला वेगळं 'जैन डिप' ठेवायची पद्धत मला पसंत नाही.

'नॉर्मल' आणि 'जैन'

मागच्या हिवाळ्यात आमच्या सूनबाईंना बढती मिळाली. ऑफिसची मंडळी घरी बोलवायची ठरली. घरचे धरून पंचवीस माणसं. त्यांत सगळ्या जातिधर्मांची मुलं-मुली होती. आमच्या मोठ्या जाऊबाईही येणार होत्या. त्यांना रात्रीभोजनाचा त्याग आहे, कंदमूळ नाही, द्विदळाचा नियम आहे. सूनबाई यादी करता करता म्हणाली, "आई, डिपचं सोपं करू. दोन बाऊल ठेवू. एक नॉर्मल, एक जैन."

मी म्हटलं, "नॉर्मल म्हणजे कसं गं?"

"म्हणजे लसूण घातलेलं."

तिच्या बोलण्यात काही वाकडं नव्हतं. सगळीकडे असंच म्हणतात. हॉटेलात, विमानात, लग्नाच्या मांडवात आपल्यासाठी एक कोपरा असतो आणि त्यावर पाटी असते. आपण तिथं निमूटपणे रांगेत उभं राहतो आणि मिळालं याचंच समाधान मानतो. बाहेर तेवढं पुरे, बाहेरच्यांनी आपली आठवण ठेवली हेही खूप झालं. पण स्वतःच्या घरात, स्वतःच्या ओट्यावर रांधलेलं अन्न 'नॉर्मल' नाही आणि लसणाचं तेवढं नॉर्मल, हे शब्द मुलांच्या कानावर पडत राहिले तर त्यांच्या मनात काय ठसेल? आपलं जेवण म्हणजे इतरांच्या जेवणातून काही वजा करून उरलेलं काहीतरी. वजाबाकीचं जेवण कुणाला आवडणार? पुढच्या पिढीला नियम जड वाटतात त्याचं निम्मं कारण हे आहे असं मला वाटतं. नियम जड नसतात, त्यांना सारखं उणेपणाचं नाव देऊन आपण ते जड करतो.

दोन वाडग्यांविरुद्ध माझा दुसरा मुद्दा अगदी व्यवहाराचा आहे. दोन वाडगे शेजारी ठेवून बघा. पंधरा मिनिटांत एकातला चमचा दुसऱ्यात जातो. एकात बुडवलेला खाकऱ्याचा तुकडा अर्धा खाऊन दुसऱ्यात बुडवला जातो. कुणी मुद्दाम करत नाही, गप्पांच्या नादात होतं. मग ज्यांच्यासाठी तो वेगळा वाडगा ठेवला त्यांनाच तो चालत नाही. त्या काही बोलत नाहीत, "मला भूक नाही" म्हणतात आणि सरबत घेऊन बसतात. आपण समजतो, त्यांची सोय केली होती. प्रत्यक्षात त्यांचीच तेवढी सोय झालेली नसते.

विकतच्या डब्याचं काय?

"कशाला एवढा खटाटोप, दुकानात हमस मिळतं की," असं बऱ्याच जणी म्हणतात. मिळतं, आणि मी डबे उचलून मागची बारीक अक्षरं वाचते. हिरवा ठिपका असला म्हणजे झालं असं समजू नका. हिरव्या ठिपक्याचा अर्थ शाकाहारी एवढाच. लसूण-कांद्याशी त्याला काही देणंघेणं नाही. आणि 'जैन' असं छापलेलं असलं तरी बहुतेक वेळा त्याचा अर्थ कांदा-लसूण-बटाटा नाही, इतकाच असतो. दाणे कुणी निवडले, पाणी गाळलं का, पदार्थ कधी शिजवला, हे त्यावर लिहिलेलं नसतं आणि लिहिता येणारही नाही. पाण्यात शिजवलेल्या पदार्थाची मर्यादा आपण दोन प्रहर, म्हणजे सहा तास मानतो. डब्यावरची तारीख काही महिन्यांची असते. ज्यांना चालतं त्यांनी घ्यावं, माझा वाद नाही. पण ज्यांनी नियम घेतले आहेत त्यांच्यापुढे तो डबा ठेवून "जैन आहे हं" म्हणू नये.

आता खरी मेख. ती लसणाची नाही, दह्याची आहे.

मूळचं हमस हा भूमध्य समुद्राच्या पूर्वेकडच्या देशांतला पदार्थ. काबुली चणे, वाटलेले तीळ, लिंबू, लसूण आणि वरून ऑलिव्ह तेल. त्यात दही नाही. मऊपणा येतो तो तिळामुळे. पण आपल्याकडे घरगुती डिप म्हटलं की पहिलं कापड घेऊन दही टांगतात. त्यात उकडलेले चणे, राजमा, मटार, नाहीतर हे वरण्याचे दाणे वाटून घालतात, वर लिहितात 'जैन, विदाउट गार्लिक', आणि लसूण काढला म्हणजे झालं असं मानतात. मैत्रिणींनो, कडधान्य आणि कच्चं दही एकत्र आलं की ते द्विदळ झालं. लसूण नसूनही ते आपल्या पंगतीत बसत नाही.

तरुण वाचकांसाठी थोडं सविस्तर सांगते. ज्या दाण्याची दोन दळं होतात आणि ज्यातून तेल निघत नाही, ते द्विदळ. तूर, मूग, मटकी, हरभरा, चवळी, वाटाणा, वरणा, सगळी यात आली. त्याचा कच्च्या गोरसाशी, म्हणजे न तापवलेलं दूध, दही, ताक यांच्याशी संयोग झाला की सूक्ष्म जीवांची उत्पत्ती होते, असं आपली परंपरा सांगते. म्हणून तर आपल्या आज्या कढी करताना आधी ताक चांगलं तापवत आणि मग बेसन लावत. म्हणून शेजारणीच्या घरी मेतकूट-दही असलं तरी आपल्या ताटात ते नसे. बारकाव्यांत फरक आहेत. काही घरांत तापवलेलं दही चालतं, काही घरांत कडधान्याबरोबर दही नाहीच. काही जण बदाम-शेंगदाणेही यात धरतात. आपल्या घरची रीत आणि आपल्या गुरूंची आज्ञा पाहावी.

या नियमाला मी विज्ञानाचा टेकू देत नाही. हल्ली प्रत्येक नियमामागे कुठल्यातरी प्रयोगशाळेचं नाव लावून संदेश फिरतात, ते मला रुचत नाहीत. मुलं हुशार आहेत, एखादा दाखला खोटा निघाला की ती नियमही खोटा समजतात. त्यापेक्षा सरळ सांगावं, की आपला धर्म डोळ्यांना न दिसणाऱ्या जीवाचाही विचार करतो, आणि जिथं शंका आहे तिथं जिभेने थांबावं असं शिकवतो. माझ्या अनुभवाने हे मुलांना नीट समजतं. "देवाला चालत नाही" हे समजत नाही.

तर दही बाद. चीज-क्रीमही बाद. त्याऐवजी तीळ घ्या. वरणा आणि तीळ दोन्ही हिवाळ्याचे, एकाच मोसमातले सोबती. दह्याची उणीव भासायचा प्रश्नच येत नाही, कारण मुळात त्याची गरज नव्हती.

शेंग उघडल्याशिवाय दाणा नको

पंचवीस माणसांसाठी दोन किलो भरलेल्या शेंगा लागतात. त्यातून साधारण आठशे ग्रॅम दाणे निघतात. बाजारात सोललेले दाणे पिशवीत मिळतात, गोठवलेलेही मिळतात. ते मी घेत नाही, तुम्हीही शक्यतो घेऊ नका. या शेंगांना पोखरणारी अळी लागते. शेंगेला बारीक भोक असेल तर आत काय आहे ते आपल्या डोळ्यांनी पाहता येतं. दाणे सोलून आले की तो पुरावाच नाहीसा झाला. आपण हाताने शेंग उघडतो, एकेक दाणा पाहतो, अळी दिसली तर ती शेंग तशीच अलगद बाजूला काढून झाडाखाली, सावलीत ठेवतो. यालाच जयणा म्हणायचं. मला विचाराल तर या सगळ्या पाककृतीत धर्माचा भाग कुठला, तर हा. बाकी चव आहे.

आता हे काम कुणी करायचं? मी बी.कॉम. झाले तेव्हा कॉस्टिंगच्या तासाला शिकवलं होतं, की वस्तूच्या किमतीत माल, मजुरी आणि वरखर्च असे तिन्ही धरायचे. घरच्या हिशेबात आपण बायका माल धरतो, गॅसही धरतो, मजुरी मात्र कायम शून्य लिहितो. "घरी केलं तर किती स्वस्त पडतं" असं म्हणताना तीन तास उभ्या राहिलेल्या बाईचे पाय कुणी मोजत नाही. हा हिशेब मला मान्य नाही.

मागच्या वर्षीचा माझा हिशेब सांगते. शेंगा ८० रुपये किलोने दोन किलो, १६० रुपये. तीळ दीडशे ग्रॅम, ४० रुपये. लिंबं, कोथिंबीर, पुदिना, मिरच्या मिळून ४० रुपये. रंगीत ढोबळी मिरची आणि काकडी ६० रुपये. तेल, जिरे, हिंग १५ रुपये. एकूण ३१५ रुपयांत सुमारे अकराशे ग्रॅम डिप झालं. दुकानातला दोनशे ग्रॅमचा डबा आमच्याकडे दीडशेच्या आसपास होता. तेवढ्याच वजनाला सहा डबे, म्हणजे ९०० रुपये. फरक ५८५ रुपयांचा.

हा फरक बचत म्हणून मिरवू नका, ती मजुरी आहे. आणि मजुरी एकटीने करायची नाही. शेंगा सोलायला परात मधे ठेवा आणि घरातल्या सगळ्यांना बसवा. आमच्याकडे हे, मुलगा, सूनबाई आणि मी असे चौघं बसलो. चाळीस मिनिटांत दोन किलो शेंगा संपल्या. ह्यांनी आधी वर्तमानपत्र पुढे केलं होतं, पण बसले. भोक असलेली शेंग पहिल्यांदा त्यांनाच सापडली आणि मग बाकीच्यांच्या शेंगाही ते तपासू लागले. घरातल्या पुरुषांना धर्म फक्त देरासरात आणि प्रवचनात असतो असं वाटू द्यायचं नसेल तर त्यांच्या हातात शेंगा द्या. अहिंसा हा फक्त बायकांचा स्वयंपाकघरातला विभाग नाही.

कृती

दाणे गाळलेल्या पाण्याने दोनदा धुवा. मोठ्या पातेल्यात पाणी उकळून त्यात मीठ घाला, मग दाणे टाका. झाकण ठेवू नका, हिरवा रंग टिकतो. दहा-बारा मिनिटांत दाणा बोटांत सहज चिरडला गेला पाहिजे. कोवळे लवकर होतील, जून दाण्यांना जास्त वेळ लागेल. या दाण्यांना कच्चेपणा अजिबात राहू देऊ नका, चवीलाही कडसर लागतात आणि पोटालाही बरे नाहीत. शिजल्यावर वाटीभर पाणी बाजूला ठेवून बाकीचं निथळून टाका. कोमट झाले की दाणा दोन बोटांत दाबला की साल सुटते आणि आतली हिरवीगार डाळिंबी बाहेर येते. सालीसकट वाटलं तरी चालतं, पण साल काढली तर डिप लोण्यासारखं होतं. हे काम लहान मुलांना द्या, त्यांना फार आवडतं.

दीडशे ग्रॅम तीळ मंद आचेवर भाजा. रंग बदलू देऊ नका, फक्त फुलू द्या. गार करून चार चमचे तिळाचं किंवा शेंगदाण्याचं तेल घालून मिक्सरमध्ये तेल सुटेपर्यंत वाटा. मधूनमधून थांबा, मिक्सर तापला की तीळ कडवट होतात. याच भांड्यात दाणे, चार लिंबांचा रस, तव्यावर भाजलेल्या चार-पाच हिरव्या मिरच्या, दोन चमचे भाजलेल्या जिऱ्याची पूड, निवडून धुतलेली कोथिंबीर, मूठभर पुदिना आणि मीठ घाला. शिजवलेलं पाणी थोडं थोडं घालत वाटा. पळीवरून जाडसर पडेल इतपत सैल ठेवा, कारण थोड्या वेळाने ते घट्ट होतं.

भाज्या वाटायच्या नाहीत. एक लाल आणि एक पिवळी ढोबळी मिरची कापून, बिया आणि आतल्या फटी नीट पाहून, गॅसवर भाजून साल काढा आणि बारीक चिरा. काकडी सोलून, बियांचा भाग काढून, बारीक चिरून, मीठ लावून पिळून घ्या. पाणी राहिलं तर डिप फुटतं. या दोन्ही भाज्या आयत्या वेळी कालवा. कुणाला सचित्ताचा त्याग असेल तर काकडी वगळा आणि भाजलेली मिरचीच जास्त घाला.

शेवटी फोडणी. दोन पळ्या तेल, जिरे, भरपूर हिंग, कढीपत्ता आणि चमचाभर तीळ. ती चरचरीत वरून ओता. लसूण का नाही, असं कुणी विचारणार नाही. हिंग, भाजलेलं जिरं आणि भाजलेली मिरची यांचा वास असा काही दरवळतो, की काय नाही ते आठवतच नाही.

सोबत गाजराच्या काड्या ठेवायची पद्धत आहे, त्या आपल्याकडे नाहीत. त्याऐवजी खाकरे, कच्च्या केळ्याचे वेफर आणि सोलापूरची ज्वारीची कडक भाकरी ठेवा. पातळ, खुसखुशीत कडक भाकरीचा तुकडा या डिपबरोबर खाऊन पाहा, परदेशी चिप्स विसराल.

आणि एक गोष्ट. डिप बुडवून खायचं नाही, वाढून घ्यायचं. वाडग्यात पळी ठेवा, बाजूला छोट्या वाट्या ठेवा. सगळ्यांनी एकाच वाडग्यात तोंड लावलेला तुकडा बुडवायचा ही रीत आपल्या उष्ट्या-खरकट्याच्या संस्कारात बसत नाही. जैन असो वा नसो, वाटी हातात दिली की पाहुणे खूश होतात. कुणालाही अवघड वाटत नाही.

वेळ आणि तिथी

डिसेंबर-जानेवारीत आपल्याकडे सूर्य सहा-सव्वासहाच्या सुमाराला मावळतो. कडक नियमाची मंडळी त्याआधी दोन घडी, म्हणजे ४८ मिनिटं खाणं संपवतात. म्हणून पार्टी साडेतीनची ठेवा. ऑफिसची मंडळी असतील तर रविवार घ्या. दुपारी दीडला दाणे शिजवले तरी मर्यादेच्या आत सगळं आटोपतं. "दुपारची कसली पार्टी" असं मुलं म्हणतील. आमच्याकडेही म्हणाली. पण उन्हात गच्चीवर गप्पा रंगतात, लहान मुलं जागी असतात, लांबून आलेल्यांना वेळेत घरी जाता येतं. ज्यांना नंतर बाहेर जायचं ते जातात.

तारीख ठरवताना पंचांग बघा. अष्टमी-चतुर्दशीला हिरवं वर्ज्य करणारे पाहुणे असतील तर त्या दिवशी ताजे दाणे, कोथिंबीर, लिंबू काही चालणार नाही. दिवस बदलता येत नसेल तर कोरडे मूग किंवा हरभरे भिजवून शिजवा, लिंबाऐवजी आमचूर घाला, तीळ तेच. फक्त मोड येऊ देऊ नका. आणि हे डिप हिवाळ्याचंच आहे. फाल्गुन चौमासीनंतर अनेक घरांत तीळ आणि पालेभाज्या बंद होतात, तेव्हा हा पदार्थ आपोआप थांबतो. थांबू द्या. वर्षभर मिळणाऱ्या गोष्टीची वाट पाहायला कुणाला आवडेल?

उरलं तर? दुसऱ्या दिवसासाठी फ्रिजमध्ये ठेवायचं नाही. म्हणून मोजून करा. माणशी तीन मोठे चमचे, म्हणजे साधारण ४५ ग्रॅम धरा. थोडं जास्त झालं तर वाढायला सुरुवात करतानाच एक डबा बाजूला काढा आणि कामवाल्या ताईंना, वॉचमन दादांना दिवस असतानाच द्या. सगळ्यांचं खाऊन झाल्यावर खालचं खरवडून देऊ नका. ते दान होत नाही, आपली आवराआवर होते.

दोन आक्षेप

पहिला आक्षेप वडीलधाऱ्यांकडून येतो. "डिप-बिप काय घेऊन बसलीस? रसपरित्याग हे तप आहे. जिभेचे चोचले कमी करायचे की वाढवायचे?" मला हे मान्य आहे. सहा बाह्य तपांत रसपरित्याग आहेच. पण तो मी माझ्यासाठी करायचा. मी आज तूप सोडलं म्हणून पाहुण्याच्या पानात कोरडी पोळी वाढायची असं शास्त्र सांगत नाही. त्याग स्वतःच्या ताटातून सुरू होतो, दुसऱ्याच्या नाही. आणि खरं सांगू, नियम पाळणाऱ्यांनाच नेहमी बेचव मिळावं असं कुठे लिहिलं आहे? ज्या बाईने चाळीस वर्षं नियम सांभाळले तिला पार्टीत इतरांसारखं, इतरांच्याच वाडग्यातलं, चवीचं काही मिळालं तर तिच्या तपाला बाधा येत नाही.

दुसरा आक्षेप तरुणांचा. "आपले नियम दुसऱ्यांवर का लादायचे? त्यांना लसूण आवडतो तर खाऊ दे." हाही प्रश्न योग्य आहे. पण मी कुणाच्या घरी जाऊन त्यांच्या भांड्यातला लसूण काढत नाही. माझ्या घरात जे शिजतं ते मी वाढते. मराठी माणूस दक्षिणेकडच्या मित्राकडे जातो तेव्हा सांबारात गोडा मसाला का नाही असं विचारतो का? पाहुण्याला घरचं अन्न वाढणं म्हणजे लादणं नव्हे. पाहुण्यांमध्ये 'तुम्ही इकडे, तुम्ही तिकडे' असं न करणं, हा आतिथ्याचा पहिला धडा आहे. आणि असा वाडगा फक्त आपल्याच उपयोगी पडतो असं नाही. ज्यांना दूध सोसत नाही त्यांनाही तो चालतो, ज्यांच्या पथ्यात अंडं-चीज नाही त्यांनाही चालतो. त्या दिवशी सूनबाईची एक मैत्रीण दह्याला हात लावत नव्हती. तिला काही विचारावं लागलं नाही आणि आम्हालाही काही सांगावं लागलं नाही. जाऊबाईंनी दोनदा वाढून घेतलं. दोघींच्या हातात सारखीच वाटी होती आणि कडक भाकरी कुठे मिळते यावर त्यांच्या गप्पा चालल्या होत्या.

सगळेच पदार्थ असे होतील असं मी म्हणत नाही. पार्टीत चार गोष्टी असतात, एखादी कुणाला चालणार नाही, एखादी कुणाला आवडणार नाही. पण टेबलावरचा पहिला, मधोमध ठेवलेला वाडगा तरी सगळ्यांचा असावा. यादी करताना आपण बहुतेकांना काय आवडतं तिथून सुरुवात करतो आणि मग नियमवाल्यांसाठी काय 'ॲडजस्ट' करायचं ते पाहतो. यादी उलट बाजूने करून पाहा. सर्वांत कमी गोष्टी चालणाऱ्या माणसापासून सुरुवात करा. त्याला जे चालतं त्यात चव कशी आणता येईल यावर डोकं चालवा. आपल्या आज्यांनी हिंग, जिरं, सुंठ, तीळ, कोकम, आमचूर यांच्यावर शेकडो पदार्थ उभे केले ते याच रीतीने. त्यांनी कधी 'विदाउट' हा शब्द वापरला नाही. त्यांच्या लेखी तो पूर्ण पदार्थ होता.

आपल्या लेकी-सुना पुढे त्यांच्या घरी काय करतील ते आपल्या हातात नाही. काही नियम त्या ठेवतील, काही सोडतील. पण आपलं अन्न म्हणजे कोपऱ्यातली छोटी वाटी नव्हे, ते मधोमध ठेवण्याजोगं आहे, एवढं त्यांनी आपल्याच घरात पाहिलेलं असावं. पुढचे पाच-सहा आठवडे शेंगा चांगल्या मिळतील. पंचांगात तिथी पाहून एखादा रविवार ठरवा, घरातल्या सगळ्यांना परातीभोवती बसवा, आणि डिपच्या वाडग्यासमोर कुठलीही पाटी लावू नका.

जय जिनेंद्र.